रोहिणीजवळचा धागा

खोली भाड्याने आहे का, असं विचारायला गेले तर घरमालक काकांनी नाव विचारलं नाही, गाव विचारलं नाही. आतून पांढऱ्या कापडाचा हातभर तुकडा आणला, खिडकीच्या उजेडात माझ्यासमोर धरला आणि म्हणाले, "काय दिसतं?"

मी कापड पाहिलं. उलटं करून पाहिलं. "काही नाही."

"बघ अजून."

"पाहिलं. काही नाही."

"सामान कधी आणतेस?"

माझ्याआधी तीन जण येऊन गेले होते, हे नंतर काकूंकडून, म्हणजे त्यांच्या बायकोकडून कळलं. एकाला तुटका धागा दिसला होता, एकाला तेलाचा डाग, आणि एका बँकवाल्याला विणीत जाळी पडलेली दिसली होती. कापडात काहीच नव्हतं. "ह्यांचं असंच आहे," काकू म्हणाल्या. "मला बघायला आले होते तेव्हा माझ्याकडे कमी आणि माझ्या साडीच्या काठाकडे जास्त बघून राहिले होते."

मी तेव्हा बावीस वर्षांची, खंडव्याहून इंदूरला लॅबचा कोर्स करायला आलेली. काकांचं घर अन्नपूर्णेच्या देवळामागे होतं. वस्ती संपून गव्हाची शेतं सुरू व्हायची तिथे. काका मिलमध्ये घडी खात्यात कापड तपासायचे. खालून दिवे लावलेल्या काचेच्या टेबलावरून कापड ओढत न्यायचं आणि खोट दिसली की त्या जागी काठाला रंगीत धागा बांधायचा, हे त्यांचं काम. अठ्ठावीस वर्षं ते केलं. मी राहायला गेले त्याच्या वर्षभर आधी मिल बंद पडली होती. तरी सकाळी भोंग्याच्या वेळेला ते उठायचे, आंघोळ करायचे, भांग पाडायचे, आणि मग जायला कुठेच नाही म्हणून ओट्यावर बसून राहायचे. भोंगा केव्हाच थांबला होता. त्यांना त्याची गरज नव्हती.

दिवाणखान्यात लोक देवाचं कॅलेंडर लावतात तिथे त्यांनी दोन वार काळं कापड टांगलं होतं. त्यावर पांढऱ्या टाक्यांनी तारे भरलेले, आणि मधे मधे रंगीत धाग्याच्या गाठी. तारकागुच्छ असेल तर पिवळी गाठ, तेजोमेघ असेल तर हिरवी, आपल्या आकाशगंगेच्या बाहेरची दुसरी दीर्घिका असेल तर लाल. एकूण जागा एकशे दहा. गाठ फक्त स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलं तरच. मी गेले तेव्हा एकशे तीन गाठी होत्या.

यादी त्यांची नव्हती. दोनशे वर्षांपूर्वीच्या एका फ्रेंच माणसाची होती. काका त्याचं नाव घेत नसत, "फ्रेंच भिया" म्हणत; इंदुरात भैयाचं भिया होतं. मिलमधल्या पलीकडच्या टेबलावरचा माणूस असावा तसे त्याच्याबद्दल बोलायचे. "भियाला धूमकेतू पाहिजे होता. बस, दुसरं काही नको. आणि दुर्बिणीत दर वेळेला भलतंच धुरकट काहीतरी यायचं. रात्र वाया. मग त्याने काय केलं? ही धुरकटं नोंदवून ठेवली. नंबर एक, हा धूमकेतू नाही. नंबर दोन, हा पण नाही. फसू नका म्हणून यादी केली. आज त्याचे धूमकेतू कुणाला माहीत नाहीत, ही यादी सगळे धरून बसलेत."

काका हे सांगत असताना काकू भाजी निवडत असत. "आणि बायको मेली तेव्हा काय केलंन, ते नाही सांगत."

"लोक म्हणतात तसं. खरं असेलच असं नाही."

"बायको मरणाला टेकलेली, त्यात ह्याचा एक धूमकेतू दुसऱ्याच कुणीतरी शोधला. लोक समाचाराला आले तर हा धूमकेतूसाठी रडून राहिला." काकू माझ्याकडे बघून म्हणाल्या, "सगळे सारखेच."

काकांच्या ह्या खात्यात आणखी दोघी होत्या. एक जर्मन ताई. भाऊ दुर्बिणीचा आरसा घासत असला की तास न् तास हात थांबवायचा नाही, म्हणून ती त्याला घास भरवायची, रात्रभर त्याच्या नोंदी लिहायची, आणि तो घरी नसला की स्वतः दुर्बिणीला डोळा लावायची. आठ धूमकेतू तिने शोधले, गुच्छही बरेच. दुसरी अमेरिकेतली, कानाने कमी ऐकणारी एक बाई. तिच्याबद्दल बोलताना काकांचा आवाज बदलायचा. "ती आपल्याच खात्यातली. आभाळाचे फोटो काचेवर काढायचे, ती काच उजेडात धरून एकेक ठिपका तपासायची. कालच्यापेक्षा आज जाड झाला का, बारीक झाला का. दुर्बीण तिच्या हातात कुणी दिलीच नाही. काचच दिली. आणि त्या ठिपक्यांवरून तिने असा हिशेब काढला की त्या हिशेबाने पुढे लोकांनी ठरवलं, यादीतलं एकतीस नंबरचं धुरकट इथलं नाहीच, ती दुसरीच आकाशगंगा आहे. काच तपासून!" मग ते आपल्या दोन्ही हातांकडे बघायचे.

त्यांची दुर्बीण सहा इंची आरशाची. आरसा पुण्याहून मागवलेला, नळा सियागंजच्या टिनवाल्याकडून करून घेतलेला, आणि फिरवायला मूठ म्हणून बसवलेली मिलमधली लाकडी बॉबिन. नळ्याचं तोंड आभाळाकडे, पण डोळा लावायचा तो नळ्याच्या कुशीत, त्यामुळे तारा जसजसा वर चढेल तसतशी बघणाऱ्याची मान वेगवेगळी वळायची. माझी मान पहिल्या आठवड्यातच अवघडली.

कारण मला त्यांनी सोडलं नाही. सूक्ष्मदर्शकात बघणारी मुलगी घरात आयती आलेली. संध्याकाळी सात वाजता जिन्यातून हाक यायची, "बेटा, चेकिंग!" वर गेलं की ते काही शिकवत नसत, नियम सांगत. तेही आभाळाचे नव्हेत, मिलचे.

पहिला नियम: डाग दिसला की आधी कापड ओढायचं. डाग कापडाबरोबर सरकला तर कापडाचा, जागेवर राहिला तर काचेचा. "तिसरं काही नसतं," ते म्हणायचे.

दुसरा नियम: मोठी खोट नोंदवली की ती दुसऱ्या तपासनिसाला दाखवायची, कारण तिच्यावरून विणकराचा पगार कापला जातो. पण खोट कुठे आहे ते त्याला सांगायचं नाही. सांगितलं की दिसते.

तिसरा नियम: चुकून बांधलेला धागा सोडवायचा, पण बोटभर तुकडा कापडाला ठेवायचा. त्याच्याशेजारी बांधणाऱ्याची खूण आणि चूक पकडणाऱ्याची खूण. "चूक पुसायची नाही. पुसली की पुन्हा होते."

हा तिसरा नियम मिलमध्ये खरंच होता की त्यांचा एकट्याचा, मला माहीत नाही. मी एकदा जॉबरसाबना विचारलं होतं. ते साचेखात्यात जॉबर होते, म्हणजे विणकरांच्या वरचे. अठ्ठावीस वर्षं काका त्यांच्या कापडातल्या खोटी काढत आले होते आणि तेवढीच वर्षं दोघांचं भांडण होतं. मिल बंद झाल्यावर मात्र ते रोज संध्याकाळी सायकलवरून परदेशीपुऱ्याहून एवढ्या लांब यायचे आणि गच्चीवर पोह्यांवर सेव टाकून खात बसायचे. "अरे बाई," ते म्हणाले, "घडी खाते में ऐसा कोई रूल नहीं था. तेरे काका खुद ही रूल थे."

मिल बंद झाल्याचा एकच फायदा काका सांगायचे. आधी पूर्वेचं आभाळ कामाचं नसे, चिमण्यांच्या धुराने मळलेलं असे. आता सगळ्या चिमण्या थंड होत्या आणि अंधार पडला की कृत्तिका थेट क्षितिजावरून उगवताना दिसायच्या. हे सांगून झालं की जॉबरसाब उरलेली सेव वेचत बसायचे आणि काका दुर्बिणीचा नळा पुसायला घ्यायचे.

त्या डिसेंबरात धूमकेतू आला.

मला तो आधी जॉबरसाबच्या तोंडून कळला. मी कॉलेजातून येत होते, ते ओट्यावरूनच ओरडले, "सुना क्या? अपने भिया ने धूमकेतू पकड़ लिया! नाम आएगा आसमान में, नाम!" धूमकेतूला शोधणाऱ्याचं नाव देतात, हे गल्लीत तोवर सगळ्यांना ठाऊक झालं होतं. समोरचा एसटीडी बूथवाला, ज्याने काकांना कधी नमस्कार केला नव्हता, तो पेढे घेऊन आला होता.

काका आत चकरा मारत होते. त्यांना असं मी कधी पाहिलं नव्हतं. दाढी गुळगुळीत, मिलच्या वार्षिक समारंभाला घालायचा कोट अंगात. "दोन दिवस बघतोय," ते म्हणाले. "एका मोठ्या ताऱ्याशेजारी धुरकट आहे. यादीत नाही. आणि सरकलं! परवा एका बाजूला होतं, काल दुसऱ्या. आभाळात काय सरकतं? कोणता तारा ते विचारू नको. सांगणार नाही. तू दुसरी नजर."

"जॉबरसाबनी पाहिलाय ना?"

"त्याला मी दाखवला. तो बाद."

कॉलेजातल्या एका प्रोफेसरांना द्यायचं पत्र टाइप करून आणलेलं होतं. खाली सहीसाठी दोन रेघा. एकीवर काकांची सही, दुसरी माझ्यासाठी मोकळी. भिंतीवरचं काळं कापड त्या दिवशी उलटं टांगलं होतं, मला जागा कळू नये म्हणून.

सात वाजता मी वर निघाले तर जिन्यात काकू उभ्या. हातात काही नव्हतं. काकूंच्या हातात काही नाही, असं मी पहिल्यांदाच पाहिलं.

"हे बघ," त्या हळू म्हणाल्या. "दीड वर्ष झालं, हा माणूस हसला नाही. जेवतो, झोपतो, वर जातो, बस. काल रात्री झोपेत हसून राहिला होता. तू हो म्हण."

"पण दिसला तर म्हणेनच की."

"नाही दिसला तरी म्हण. तुझं काय जातंय? तो प्रोफेसर काय करायचं ते बघेल. दहा-पंधरा दिवस तरी जातील."

मला खोटं बोलायचं वावडं नव्हतं. घरी पत्रात मी दर आठवड्याला खोटं लिहीत होते, की दूध पिते, वेळेवर झोपते. आणि काकू काही चुकीचं मागत नव्हत्या. मी "बरं" म्हणून वर गेले. हो म्हणायचं ठरवूनच गेले, हे इथे स्पष्ट लिहिते.

गच्चीवर थंडी होती. दुर्बीण लावून ठेवलेली. जॉबरसाब कठड्याशी, तोंडावर हात ठेवून. काकांनी त्यांना बोलायची बंदी केली होती. मी डोळा लावला. रोहिणी होती. केशरी, ठळक. आजूबाजूला पाच-सहा बारीक तारे.

काकांनी माझ्या हातात वही आणि पेन्सिल दिली. "बोलू नको. दिसतं ते काढ."

तिथे माझी पंचाईत झाली. तोंडाने हो म्हणणं सोपं होतं. पण काढायचं म्हणजे धुरकट कुठे काढू? डावीकडे की उजवीकडे? केवढं? मी पुन्हा पाहिलं, पुन्हा पाहिलं. नळ्यावर टिचकी मारून पाहिलं, फिकट गोष्ट हलली की दिसते म्हणून. रोहिणी आणि पाच-सहा तारे. काळं स्वच्छ कापड. मी पहिल्या दिवशी खिडकीत पाहिलं होतं तसंच.

मी मोठा गोल काढला, त्यात एक मोठा ठिपका आणि सहा छोटे. वही त्यांना दिली.

त्यांनी ती टॉर्चच्या उजेडात बराच वेळ पाहिली. मग स्वतः डोळा लावला. "आहे," म्हणाले. "हे काय, आहे की." मला दिसलं, की त्यांनी मान थोडी तिरकी केली. मग दुसरीकडे तिरकी केली. परत सरळ. मग दुर्बीण सोडून कृत्तिकांच्या पलीकडच्या एका मोठ्या ताऱ्यावर नेली, तिथेही मान तशीच फिरवली. शेवटी उजवा डोळा काढून डावा लावला. हे त्यांनी आयुष्यात कधी केलं नसावं, कारण डोळा लावायला जागा सापडेना.

"मान फिरवली की ते फिरतं," ते म्हणाले. "परवा मी उभा होतो. काल स्टुलावर."

जॉबरसाबनी तोंडावरचा हात काढला.

"डाव्या डोळ्याला काहीच नाही. कापड ठीक आहे. काच ठीक आहे." त्यांनी टॉर्च बंद केला. "तपासनीस खराब आहे."

जॉबरसाबना राहवेना. "लेकिन भिया, मुझे तो साफ दिखा था! कसम से!"

"तुझे दिखाया था, इसलिए दिखा."

खाली आल्यावर त्यांनी ते पत्र घडी करून कोटाच्या खिशात ठेवलं आणि कोट काढून कपाटात टांगला. काकू माझ्याकडे बघत होत्या. त्यांनी मला काही म्हटलं नाही. पुढचे पंधरा दिवस काहीच म्हटलं नाही. रोज संध्याकाळी माझ्या दाराशी येणारी आमटीची वाटी बंद झाली. मी खानावळ लावली. मला वाईट वाटलं का? वाटलं. पण दुसऱ्या दिवशी मेडिकल कॉलेजात डोळ्यांच्या ओपीडीचा वार कोणता, ते विचारून चिठ्ठी काकांच्या दारातून आत सरकवली. त्याचा जास्त उपयोग झाला.

त्या दिवशीच सकाळी, मी क्लासला निघालेली, उशीर झालेला, तर काकांनी दिवाणखान्यातून हाक मारली. कापड सुलटं केलेलं होतं. रोहिणीशेजारी धूमकेतूची म्हणून नवी पांढरी गाठ. दुसऱ्या नजरेची वाट न पाहता त्यांनी ती आधीच मारून टाकली होती. स्वतःचाच नियम मोडून. ती त्यांनी माझ्यासमोर सोडवली, बोटभर धागा तसाच ठेवला, शेजारी सुईने आपला मिलच्या हजेरीचा टोकन नंबर घातला आणि सुई माझ्यापुढे केली. "तुझी खूण."

"काका, बस जाईल."

"दुसरी बस येते."

मी एक फुली टाचली. वाकडी आली. शिवणात मला कधीच गती नव्हती.

मोतीबिंदूचं ऑपरेशन मार्चच्या सुरुवातीला झालं. पट्टी सुटल्यावर डॉक्टरांनी जपायला सांगितलं होतं, तरी चौथ्या दिवशी दिवेलागणीला ते गच्चीवर गेले. दुर्बीण नाही, नुसते उभे. थोड्या वेळाने वरून मोठा आवाज आला. मी आणि काकू दोघी धावलो. मला वाटलं पडले.

"निळ्या आहेत!" ते पश्चिमेला उतरलेल्या कृत्तिकांकडे हात करून ओरडत होते. "कृत्तिका निळ्या आहेत! मी इतकी वर्षं पिवळट बघतोय. निळ्या!"

काकूंनी पदराने हात पुसत वर पाहिलं. "मला तर कधीच्या निळ्याच दिसतात. तुम्ही विचारलंत कधी?"

काका त्यांच्याकडे वळले. मग दुर्बिणीवरची चादर काढायला लागले. काकूंनी त्या दिवशी पहिल्यांदा भिंगाला डोळा लावला. बराच वेळ काढला नाही. "फ्रेंच भियाला म्हणावं," त्या डोळा तसाच ठेवून म्हणाल्या, "बायकोला पण एकदा दाखवायचं होतं." रात्री माझ्या दाराशी आमटी आली. वर तूप.

कोर्स संपवून मी तिथून निघाले, पण इंदूर सोडलं नाही, त्यामुळे जाणं-येणं राहिलं. ऑपरेशननंतर त्यांनी राहिलेल्या सातांपैकी पाच पाहिले. उरलेले दोन अगदी फिकट होते आणि तोवर आभाळच फिकट व्हायला लागलं होतं. शेतांच्या जागी कॉलनी आली, लग्नाची गार्डनं आली, त्यांचे फोकस आले. पूर्वी फक्त लालबागेत मेळा भरला की त्या बाजूचं आभाळ बंद व्हायचं. आता रोजच मेळा. जुन्या मिलच्या बाजूलाही दुकानांच्या पाट्या रात्रभर जळू लागल्या. काकू म्हणायच्या, "एकशे आठ झाले, माळ पुरी झाली. आता बस करा." ते म्हणायचे, "माळ तुझी. माझा तागा एकशे दहाचा." मी एकदा सुचवलं, पुस्तकात त्या दोघांचे फोटो आहेत, जागा ठाऊक आहे, गाठ मारून टाका, कोण विचारतंय. त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं, की मी पुन्हा तो विषय काढला नाही.

आज माझ्या हाताखाली लॅबमध्ये सहा मुली आहेत. रक्ताच्या काचेवर काही वावगं दिसलं की ती काच दुसरीकडे जाते, आणि काय दिसलं, कुठे दिसलं, ते दुसरीला सांगायचं नाही, असा माझा नियम आहे. नव्या मुली वैतागतात. "मॅडम, कुठे बघू ते तरी सांगा ना." मी सांगत नाही. एकदा एक जण म्हणाली, "आणि काहीच नाही दिसलं तर?" मी म्हटलं, मग तसं लिही आणि खाली सही कर. तोही रिपोर्टच असतो.

काका गेले. त्यानंतर काकूंनी कापड वर्तमानपत्रात गुंडाळून माझ्याकडे आणलं. "आमच्याकडे कुणाला कळणार नाही," म्हणाल्या. "आणि तुझी पण सही आहे त्यावर." चहा घेतला, दुर्बीण कुठल्या शाळेला द्यावी ते विचारलं आणि रिक्षा थांबलीये म्हणून उठल्या.

ते आता माझ्या घरी टांगलेलं आहे. काळा रंग अजून पक्का आहे. मिलचा माल होता. येणारे-जाणारे गाठी बघतात, पिवळ्या, लाल, हिरव्या, आणि मोजायला लागतात. एकशे आठ गाठी आहेत, दोन जागा मोकळ्या. त्या एकशे आठ ठिकाणी काका एकटेच आहेत. रोहिणीपाशी मात्र बोटभर पांढरा धागा लोंबतो, त्याच्या एका बाजूला त्यांचा नंबर आहे, दुसऱ्या बाजूला माझी वाकडी फुली. तिथे काही नाही, हे आम्ही दोघांनी तपासलेलं आहे.